‘बाबाबा बा?’ : फिलिपिनो विनोदाचे व्याकरण

मनिलातील एखाद्या उंच इमारतीत लिफ्ट थांबते. दार उघडते. बाहेर उभा असलेला गृहस्थ आतल्याला विचारतो, ‘‘बाबाबा बा?’’ आतला उत्तर देतो, ‘‘बाबाबा.’’ बाहेरचा समाधानाने आत शिरतो, दार मिटते आणि लिफ्ट खाली निघते. शेजारी उभ्या असलेल्या परक्या पाहुण्याला वाटते, हे दोघे एकमेकांची थट्टा करीत असावेत. प्रत्यक्षात एक अत्यंत सभ्य आणि व्याकरणशुद्ध संवाद पार पडलेला असतो. तागालोग भाषेत ‘बाबा’ म्हणजे खाली उतरणे. क्रियापदाचे पहिले अक्षर दुप्पट केले की भविष्यकाळ होतो, म्हणून ‘बाबाबा’ म्हणजे ‘उतरणार’. शेवटचा सुटा ‘बा’ हा प्रश्नार्थक. ‘‘खाली जाणार का?’’ ‘‘जाणार.’’ एवढाच त्याचा अर्थ.

फिलिपिनो माणूस हा विनोद परदेशी पाहुण्याला हमखास ऐकवतो. आपल्या भाषेची गंमत आपणच आधी सांगून टाकावी, म्हणजे दुसऱ्याने हसण्यापूर्वी आपण हसून मोकळे झालेलो असतो, ही त्यामागची वृत्ती. या वृत्तीचा माग काढत गेले की लक्षात येते, की या बेटांवरील विनोद म्हणजे केवळ फावल्या वेळची करमणूक नाही. तिथे भाडे मागायचे ते विनोदाने, उधारी नाकारायची ती विनोदाने, राज्यकर्त्याला जाब विचारायचा तोही विनोदानेच. मात्र याच हसण्यावर अलीकडे तिथलेच लोक एक गंभीर प्रश्न विचारू लागले आहेत. त्याकडे आपण शेवटी येऊच.

मठ, हॉलिवूड आणि आपले ‘मुख’

फिलिपिन्स हा ७,६४१ बेटांचा देश. शंभराहून अधिक भाषा तिथे बोलल्या जातात. मनिला आणि तिच्या आसपासच्या प्रदेशाची भाषा तागालोग. १९३७ साली तिच्या आधारावर राष्ट्रभाषा घडवण्याचे ठरले आणि १९८७ च्या राज्यघटनेने त्या भाषेला ‘फिलिपिनो’ हे नाव दिले. १५६५ पासून १८९८ पर्यंत या देशावर स्पेनची सत्ता होती. त्यानंतर १९४६ पर्यंत, मधला जपानी ताब्याचा काळ वगळता, अमेरिकेची. ‘तीनशे वर्षे मठात आणि पन्नास वर्षे हॉलिवूडमध्ये’ असे आपल्या इतिहासाचे वर्णन तिथले लोक करतात. सारा इतिहास एका ओळीत उरकण्याची ही हातोटीच फिलिपिनो विनोदाचा पहिला नमुना म्हणावा लागेल.

या दोन सत्तांनी दोन भाषा मागे ठेवल्या. त्यामुळे एकाच शब्दाला तागालोग, स्पॅनिश आणि इंग्रजी अशा तिन्ही कानांनी ऐकण्याची सवय लोकांना लागली. शब्दांवरील कोट्यांना याहून सुपीक जमीन कोणती? पण या भाषेत आणखी एक, फार जुना थर आहे आणि तो मराठी वाचकाला ओळखीचा वाटेल. स्पॅनिश येण्याच्या कितीतरी आधी मलय भाषेच्या वाटेने काही संस्कृत शब्द तिथे पोहोचले होते. शिक्षकाला तागालोगमध्ये ‘गुरो’ म्हणतात, चेहऱ्याला ‘मुखा’, आशेला ‘आसा’ आणि दरिद्री माणसाला ‘दुखा’. निर्लज्ज माणसाचे वर्णन ‘माकापाल आंग मुखा’, म्हणजे ज्याचे ‘मुख’ जाड आहे असा, असे केले जाते. कातडी नव्हे, चेहराच जाड! याच्या उलट, बारीकसारीक बोलण्याने दुखावणारा तो ‘बालात-सिबुयास’ : कांद्याच्या सालीचा.

यहूदा आणि जीपनीचे भाडे

फिलिपिनो विनोदाचे चालते-फिरते विद्यापीठ म्हणजे जीपनी. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकी सैन्याने मागे टाकलेल्या जीपगाड्या लोकांनी लांबवल्या, रंगवल्या आणि त्यांतून प्रवासी वाहतूक सुरू केली. समोरासमोर दोन लांब बाकडी, पाठीमागे दार आणि बहुधा चालक हाच वाहक. मागे बसलेला प्रवासी ‘बायाद पो’ म्हणत पैसे पुढच्याच्या हातात देतो, ते हातोहात चालकापर्यंत पोहोचतात आणि सुटे पैसे त्याच मार्गाने परत येतात. यातला ‘पो’ हा आदरार्थी शब्द आपल्या ‘जी’सारखा, तो वाक्यात आला की बोलणे अदबीचे होते. अनोळखी माणसांच्या विश्वासावर चाललेला हा व्यवहार आहे. अर्थातच तो बुडवणारेही असतात. भाडे न देता गर्दीतून निसटण्याला तिथे ‘वन-टू-थ्री’ म्हणतात.

अशा प्रवाशाला चालक काय म्हणणार? चारचौघांत कोणाला लाजवणे हे या समाजात फार मोठे पाप. ‘हिया’ म्हणजे लाज, संकोच, भीड ही तिथल्या सामाजिक वागणुकीची नाडी आहे. म्हणून चालक भांडण करीत नाही, पाटी लावतो. त्यातील सर्वांत प्रसिद्ध पाटी अशी : ‘गॉड नोज हूदास नॉट पे’. ‘हूदास’ म्हणजे यहूदा. तीस नाण्यांसाठी ख्रिस्ताला दगा देणारा शिष्य. पण हाच शब्द इंग्रजी कानाने ऐकला की ‘हू डज’ असा होतो. कोण पैसे देत नाही ते देवाला ठाऊक आहे आणि जो देत नाही तो यहूदा आहे! पाच शब्दांत धर्म, व्याकरण आणि वसुली ही तिन्ही कामे उरकली जातात. बहुसंख्य कॅथलिक असलेल्या देशात हा टोमणा कुठे लागतो, हे वेगळे सांगायला नको.

‘बाऱ्या लांग पो सा उमागा’, म्हणजे ‘सकाळच्या वेळी कृपया सुटेच पैसे’, ही दुसरी सर्वपरिचित पाटी. गाडी थांबवण्यासाठी छत ठोठावणाऱ्या किंवा ‘शुक् शुक्’ करणाऱ्या प्रवाशांसाठीही एक यमकबद्ध सूचना असते. तिचा आशय असा, की शुक् शुक् कुत्र्यासाठी, टकटक दारासाठी. ‘पारा’ म्हणा, गाडी थांबेल. (‘पारा’ हा थांबण्याचा स्पॅनिश शब्द.) आपल्याकडील ट्रक आणि रिक्षांच्या पाठीवरचे तत्त्वज्ञान ज्यांनी वाचले आहे, त्यांना या गाड्यांत परकेपणा वाटणार नाही. सरकारने २०१७ साली जुन्या जीपनी टप्प्याटप्प्याने बदलण्याचा कार्यक्रम हाती घेतला आणि चालकांनी त्याविरुद्ध अनेकदा संप केले. वाद कर्जाचा आणि रोजगाराचा आहे. परंतु जुनी जीपनी गेली तर तिच्याबरोबर एक भिंतीवरचे वाङ्मयही जाईल, ही रुखरुख त्यात आहेच.

उद्याची उधारी आणि ‘बुम्बाय’

गल्लीच्या कोपऱ्यावरचे ‘सारी-सारी’ दुकान ही फिलिपिनो जीवनाची दुसरी शाळा. ‘सारी-सारी’ म्हणजे नाना प्रकारचे. इथे शाम्पूची एक पुडी, एक सिगारेट, व्हिनेगरचा एक पेला अशी सुटी खरेदी चालते. तिला ‘तिंगी’ म्हणतात. अर्थात उधारीही चालते आणि ती नाकारण्यासाठी पाट्याही. ‘आज नको, उधारी उद्या’ ही पाटी तिथे रोज तशीच टांगलेली असते, त्यामुळे तो ‘उद्या’ कधीच उजाडत नाही. ‘आज रोख, उद्या उधार’ ही आपल्या वाण्याची पाटी समुद्रापलीकडे इतकी जशीच्या तशी सापडावी, याचे नवल वाटते. पण नवल तरी कशाचे? गिऱ्हाईक गरीब असते, दुकानदारही गरीब असतो आणि दोघांना एकमेकांचे तोंड रोज पाहायचे असते. अशा वेळी नकार पाटीनेच द्यावा हे शहाणपण कोणत्याही भाषेत सुचते.

उधारीचा विषय निघाला की फिलिपिनो विनोदात एक भारतीय पात्र येते आणि त्याचे नाव थेट आपल्या शहराशी जोडलेले आहे. तागालोगमध्ये भारतीय माणसाला बोलीत ‘बुम्बाय’ म्हणतात. हा शब्द ‘बॉम्बे’वरून आला. मोटारसायकलवरून गल्लोगल्ली फिरून छोट्या दुकानदारांना कर्ज देणारा आणि हप्ता गोळा करणारा सावकार हा बहुधा पंजाबी असतो, पण त्याला नाव मिळाले ते मुंबईचे. त्याच्या धंद्याला ‘फाइव्ह-सिक्स’ म्हणतात : पाच घ्या, सहा परत करा. दाढी-फेट्यातला बुम्बाय येऊन पकडून नेईल, अशी भीती पूर्वी हट्टी मुलांना घातली जाई. या शब्दात आता अनेकांना हेटाळणी जाणवते आणि ते तो टाळतात. विनोद दुर्बलांचे हत्यार असतो हे खरे; तथापि तेच हत्यार कधी परक्यावर रोखले जाते, याची ही आठवण.

पगाराच्या तारखा तिथे साधारणपणे महिन्याची १५ आणि अखेर. त्याआधीचे कडकीचे दिवस म्हणजे ‘पेत्सा दे पेलिग्रो’, म्हणजेच ‘धोक्याच्या तारखा’. बेकार हिंडणारा माणूस ‘दिव्याचे खांब मोजतो’. हातावर पोट असलेल्याचे जगणे म्हणजे ‘एकदा उकरणे, एकदा टोचणे’. मातीत दाणे शोधणाऱ्या कोंबडीचे हे चित्र आहे. रात्ररात्र अभ्यास करणारा ‘भुवया जाळतो’, कारण दिव्यावर वाकून वाचताना दुसरे काय होणार? आरंभशूराचा उत्साह म्हणजे ‘निंगास-कुगोन’ : वाळल्या कुगोन गवताची आग, भडकते आणि क्षणात विझते. २०२२ च्या अखेरीस तिथे कांदा किलोला सहाशे-सातशे पेसोंपर्यंत गेला आणि मांसाहून महाग झाला. तेव्हा इलोइलो शहरातील एका वधूने फुलांऐवजी कांद्यांचा गुच्छ हातात धरून लग्न लावले. नाशिकच्या शेतकऱ्याला आणि मुंबईच्या गृहिणीला या गुच्छाचा अर्थ समजावून सांगण्याची गरज नाही.

आखूड पांघरुणाचे शहाणपण

आपण म्हणतो, अंथरूण पाहून पाय पसरावेत. तागालोग म्हण सांगते, ‘हाबांग माइक्ली आंग कुमोत, मातुतोंग मामालुक्तोत’, म्हणजे ‘जोवर पांघरूण आखूड आहे तोवर अंग मुडपून निजायला शीक.’ दोन्हींचा उपदेश एकच. पण तागालोग म्हणीत ‘जोवर’ हा शब्द आहे. आज पांघरूण आखूड आहे, उद्या ते तसेच राहील असे नाही, अशी एक बारीकशी आशा त्या शब्दात दडलेली आहे. बैल गेल्यावर झोपा करणाऱ्याला तिथे विचारतात, ‘घोडा मेल्यावर गवत कशाला?’ धीर धरणाऱ्याला ‘मुक्ती’ नव्हे, तर ‘निलागा’, म्हणजे मांसाचा रस्सा मिळतो : ‘पाग माय तियागा, माय निलागा.’ सद्गुणाचे फळ वाडग्यात दिसले पाहिजे, हा रोखठोक हिशेब.

पण म्हण जितकी गंभीर, तितकी तिची टिंगल हमखास. ‘जो आपण आलो ती वाट वळून पाहत नाही, तो इच्छित स्थळी पोहोचत नाही’ ही तिथली फार आदराने उच्चारली जाणारी म्हण. तिचा उत्तरार्ध पोरे बदलून टाकतात : ‘जो वळून पाहत नाही, त्याची मान आखडलेली असते!’ सरळ प्रश्नाला असे तिरके उत्तर देणाऱ्याला तागालोगमध्ये ‘पिलोसोपो’ म्हणतात. शब्द तत्त्ववेत्त्याचाच, अर्थ मात्र ‘अतिशहाणा’. कोड्यांतही हीच चतुराई दिसते. ‘मारलेस की तिचे आयुष्य वाढते, ती कोण?’ उत्तर : मेणबत्ती. ‘एवढासा भाताचा दाणा, साऱ्या घरात मावेना.’ उत्तर : दिवा.

कोणाला टोमणा मारायचा असेल तर आधी एक ढाल पुढे करतात : ‘बातो-बातो सा लांगित, आंग तामाआन हुवाग मागालित.’ आकाशात दगड भिरकावतो आहे, ज्याला लागेल त्याने रागावू नये. बोलणारा नामानिराळा, ऐकणारा मात्र बरोबर घायाळ.

लादी पुसणारे पुढारी

राजकारणात या ढालीचा फार उपयोग झाला. १८८८ साली मार्सेलो देल पिलार यांनी ख्रिस्ती प्रार्थनांचे विडंबन करून स्पॅनिश पाद्र्यांच्या लोभावर बोट ठेवले. सत्तेच्या डोळ्यांत डोळे घालून बोलणे अशक्य होते, तेव्हा लोकांना तोंडपाठ असलेली प्रार्थनाच त्यांनी हाती घेतली. आजही पक्ष बदलणाऱ्या नेत्याला ‘बालिंबिंग’ म्हणतात. बालिंबिंग म्हणजे कमरख. कसेही फिरवा, नवी बाजू समोर येते. ‘ट्रॅडिशनल पॉलिटिशियन’ या इंग्रजी शब्दांचा संक्षेप ‘त्रापो’ झाला आणि ‘त्रापो’ म्हणजे तिथे लादी पुसायचे फडके! लाचखोर अधिकारी म्हणजे ‘बुवाया’, मगर.

शब्द उलटे करण्याचीही तिथे परंपरा आहे. मित्राला ‘पारे’ म्हणतात. तो उलटा केला की ‘एराप’. चित्रपट अभिनेते जोसेफ एस्त्रादा याच नावाने ओळखले गेले. त्यांच्या मोडक्या इंग्रजीवरील विनोदांचे पुस्तक १९९४ साली, ते उपाध्यक्ष असताना निघाले. हसणाऱ्यांना वाटले, माणूस संपला. झाले उलटेच. अस्खलित इंग्रजी बोलणाऱ्या वर्गाने ज्याला हसावे तो आपलाच माणूस, असे गरिबांनी मानले आणि १९९८ साली तो राष्ट्राध्यक्ष झाला. पुढे भ्रष्टाचाराच्या आरोपांवरून जनता रस्त्यावर उतरली, तेव्हा मोबाइलवरच्या लघुसंदेशांनी गर्दी जमवली आणि विनोदही पसरवले. जानेवारी २००१ मध्ये एस्त्रादा पायउतार झाले. विनोद माणसाला खुर्चीवर बसवूही शकतो आणि उतरवूही शकतो, हे एकाच माणसाच्या कारकिर्दीत दिसले.

धर्मपीठही या खेळातून सुटले नाही. मनिलाचे आर्चबिशप होते कार्डिनल हाइमे सिन. ‘सिन’ म्हणजे इंग्रजीत पाप. घरी आलेल्या पाहुण्यांचे स्वागत ते ‘पापाच्या घरी आपले स्वागत असो’ असे करीत. १९८६ साली याच धर्मगुरूने रेडिओवरून हाक दिली आणि लाखो लोक मार्कोस यांच्या सत्तेविरुद्ध रस्त्यावर आले.

आशा लावणारे हवामान खाते

नव्या शतकात विनोदाने प्रेमाचा रस्ता धरला. ‘हुगोत’ म्हणजे खोलातून उपसून काढणे. साध्या वस्तूचे बोलणे करता करता मनातली व्यथा उपसणाऱ्या वाक्यांना ‘हुगोत’ म्हणू लागले. करारी स्वभावाच्या सिनेटर मिरियाम देफेन्सोर-सांतियागो भाषणांत प्रेमिकांची चटपटीत वाक्ये पेरीत आणि २०१४ साली त्यांचे तसे पुस्तकच आले. याच लाटेत ‘पाआसा’ हा शब्द घरोघरी गेला : खोटी आशा लावणारा प्रियकर. मूळ धातू ‘आसा’, म्हणजे आपलीच ‘आशा’. आता गंमत अशी, की देशाच्या हवामान खात्याचे इंग्रजी आद्याक्षरांतून बनलेले नाव ‘पागासा’ आहे आणि ‘पाग-आसा’ म्हणजेच आशा. वादळाची सूचना आली, शाळेला सुट्टी पडणार म्हणून पोरे उशिरापर्यंत लोळत राहिली आणि ऊन पडले, की मग ‘पागासा’ झाले ‘पाआसा’!

गावगप्पा करणाऱ्या बाईला अलीकडे ‘मारितेस’ म्हणतात. तिथे हे एक साधे स्त्रीनाम आहे. पण ते फोडले की ‘मारे, आनो’ंग लेटेस्ट?’ म्हणजे ‘काय गं बाई, ताजी खबर?’ असा प्रश्न ऐकू येतो.

पाण्यातले हसू

आता तो गंभीर प्रश्न. फिलिपिन्सवर दर वर्षी वादळे येतात. कमरेएवढ्या पाण्यात कॅमेऱ्याकडे पाहून हसणारी, हात हलवणारी माणसे जगाने अनेकदा पाहिली. २०१२ च्या पुरात ‘फिलिपिनो वृत्ती जलरोधक आहे’ असे घोषवाक्य गाजले. लोकांना ते तेव्हा आवडलेही. पण २०१३ च्या नोव्हेंबरमध्ये ‘योलांदा’ वादळाने सहा हजारांहून अधिक बळी घेतले आणि त्यानंतर हे कौतुक अनेकांच्या घशाखाली उतरेना. आमच्या सोशिकतेचे गोडवे गाऊन तुम्ही तुमची जबाबदारी तर झटकत नाही ना, असे तरुण विचारू लागले. माणूस पाण्यात हसतो, म्हणून त्याला पाण्यात ठेवावे काय? मुंबईच्या २६ जुलै २००५ च्या प्रलयानंतर ‘मुंबई स्पिरिट’चे जे कौतुक झाले आणि पुढे त्याचा जो उबग आला, तो आठवला म्हणजे हा प्रश्न आपलाही आहे हे ध्यानात येते.

याचे एक उत्तर मनिलाने २०२५ साली दिले. पूरनियंत्रणाच्या कामांत कोट्यवधी पेसो हडप झाल्याचे, काही बांध तर केवळ कागदावरच असल्याचे उघडकीस आले. २१ सप्टेंबर रोजी लोक लुनेता उद्यानात जमले. तारीख मार्कोस यांच्या १९७२ च्या लष्करी कायद्याची. जागा अशी, की जिथे १८९६ साली राष्ट्रपुरुष होसे रिसाल यांना गोळ्या घातल्या गेल्या. निदर्शनाचे नाव होते ‘बाहा सा लुनेता’, म्हणजे ‘लुनेतात पूर’. पाण्याचा नव्हे, माणसांचा. कोटी तीच, हसू तेच. मात्र ते आता सोसण्यासाठी नव्हते, हिशेब मागण्यासाठी होते.

म्हणजे दोष हसण्याचा नसतो. दुःख हलके करणारा विनोद आणि दुःखाचे कारण झाकणारा विनोद यांत फरक असतो, आणि तो ओळखण्याची जबाबदारी हसणाऱ्याइतकीच त्याचे हसू पाहून निर्धास्त होणाऱ्याची असते. लिफ्टमधला तो ‘बाबाबा बा?’ फिलिपिनो गृहिणी बाजारातही विचारते. तेव्हा त्याचा अर्थ होतो, ‘भाव उतरणार का?’ पुराच्या पाण्याकडे पाहूनही तोच प्रश्न विचारता येतो. लिफ्टमधल्या माणसाकडे त्याचे उत्तर तयार असते. ज्यांच्याकडे ते असायला हवे, त्यांच्याकडून ते ऐकण्यासाठी लोक अजून दाराशी उभे आहेत.